स्थितिक विद्युत: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

डिसेंबर लागला की हे प्रश्न यायला सुरुवात होते आणि जूनमध्ये पाऊस पडला की ते आपोआप थांबतात. काही प्रश्न सातवीच्या मुलांचे असतात, काही त्यांच्या पालकांचे, काही विज्ञानाचं भाषांतर करणाऱ्यांचे आणि काही पुण्याजवळच्या भोसरी-चाकणच्या वर्कशॉपमधल्या मंडळींचे. ज्या प्रश्नात दम आहे त्याचं उत्तर लांबलं आहे, बाकीचे दोन-चार ओळींत उरकले आहेत.

स्थितिक विद्युत म्हणजे नेमकं काय?

एखाद्या वस्तूवर धन किंवा ऋण प्रभार शिल्लक पडला आणि वाहून न जाता जागच्या जागी साचून राहिला, की त्याला स्थितिक विद्युत म्हणतात.

यातला 'शिल्लक' हा शब्द महत्त्वाचा. प्रत्येक वस्तूत इलेक्ट्रॉन आणि प्रोटॉन अफाट संख्येने असतात, पण ते समसमान असल्यामुळे बाहेरून काही जाणवत नाही. प्लास्टिकचा कंगवा कोरड्या केसांतून फिरवला की केसांवरचे थोडे इलेक्ट्रॉन कंगव्यावर जातात. कंगव्याकडे ते जास्त झाले, केसांकडे तूट आली. नवीन काही जन्माला आलेलं नाही, फक्त वाटणी बिघडली. म्हणून 'घासल्याने वीज निर्माण होते' हे वाक्य मला खटकतं. 'घासल्याने प्रभार विभागला जातो' असं म्हटलं की पुढचे निम्मे गैरसमज होतच नाहीत.

घरातल्या वायरमधली वीज वेगळी आणि ही वेगळी का?

नाही. रस्त्यावर धावणारी गाडी आणि पार्किंगमध्ये उभी असलेली गाडी या दोन वेगळ्या जातीच्या गाड्या नसतात, तसंच हे. इलेक्ट्रॉन तेच. वाहत असले की धाराविद्युत, साचून असले की स्थितिक विद्युत. 'स्थितिक' हे विशेषण अवस्था सांगतं, प्रकार नाही.

त्यामुळे दाराच्या कडीला बोट लावल्यावर 'चट्' होतं त्या क्षणी ती स्थितिक राहिलेलीच नसते. साचलेला प्रभार तेव्हा धावत असतो, म्हणजे ती क्षणभराची विद्युतधाराच असते. 'स्थितिक विजेचा झटका' हा शब्दप्रयोग काटेकोरपणे पाहिला तर थोडा विसंगत आहे. पण तो इतका रुळला आहे की बदलायच्या भानगडीत पडू नये.

स्थितिक विद्युत, स्थिर विद्युत, घर्षण विद्युत: कोणता शब्द केव्हा वापरायचा?

पहिले दोन एकाच अर्थाचे. शालेय पुस्तकांत 'स्थितिक विद्युत' आहे, सातवीच्या विज्ञानात याच नावाचा पाठ आहे. जुन्या लेखनात आणि वर्तमानपत्रांत 'स्थिर विद्युत' सापडतं. दोन्ही चालतात. एका लेखात दोन्ही वापरू नयेत, इतकंच. मला स्वतःला 'स्थितिक' बरा वाटतो, कारण 'स्थिर' म्हटलं की लोकांना कमी-जास्त न होणारा वीजपुरवठा आठवतो आणि गप्पा स्टॅबिलायझरकडे वळतात.

'घर्षण विद्युत' मात्र संकुचित आहे. दोन पदार्थांच्या स्पर्शातून किंवा घासण्यातून जो प्रभार विभागला जातो तेवढ्यालाच ते नाव. प्रभारित वस्तू नुसती जवळ आणूनही दुसऱ्या वस्तूतला प्रभार इकडचा तिकडे सरकतो. त्याला प्रवर्तन म्हणतात आणि त्यात घर्षणाचा संबंध नसतो. म्हणजे घर्षण विद्युत ही स्थितिक विद्युतच, पण प्रत्येक स्थितिक विद्युत घर्षणातून आलेली नसते.

आणि कृपया 'स्थितिज' लिहू नका. स्थितिज ऊर्जा म्हणजे उंचावर ठेवलेल्या दगडात किंवा ताणलेल्या स्प्रिंगमध्ये असते ती. एका अक्षराचा फरक आहे, पण उत्तरपत्रिकेत तेवढ्यावरून गुण जातात.

'प्रभार' हा शब्द कशासाठी? पूर्वी 'विद्युतभार' म्हणायचे ना?

म्हणायचे, अजूनही म्हणतात, चूक नाही. पण 'भार' या शब्दावर मराठीत आधीच फार ओझं आहे. महावितरणच्या बिलावर 'मंजूर भार' असतो, तो किलोवॅटमध्ये. 'भारनियमन' आपण सगळ्यांनी भोगलं आहे. शिवाय भार म्हणजे वजनही. मग कूलोममध्ये मोजायच्या राशीला वेगळा शब्द असलेला बरा, आणि तो 'प्रभार'. आता यावर कोणी म्हणेल की आमच्या शाळेत प्रभारी मुख्याध्यापक आहेत त्यांचं काय. त्यांच्यापासूनही सुरक्षित अंतर ठेवावं, पण वेगळ्या कारणासाठी.

ही गोष्ट पहिल्यांदा कोणाच्या लक्षात आली?

इसवी सनापूर्वी ६००च्या सुमारास ग्रीसमधल्या थेलीसचं नाव घेतलं जातं. अंबर नावाचा, झाडाच्या राळेचा जीवाश्म झालेला पिवळा खडा लोकरीवर घासला की काडीकचरा ओढतो, हे निरीक्षण. अंबराला ग्रीक भाषेत 'इलेक्ट्रॉन' म्हणतात, त्यावरून १६००मध्ये विल्यम गिल्बर्टने अशा पदार्थांना नाव दिलं आणि पुढे सगळी इलेक्ट्रिसिटी त्याच नावावर चालली. आपल्याकडे अंबराला 'तृणमणी' असं नाव आहे, म्हणजे गवताच्या काड्या ओढून घेणारा मणी. आपल्या लोकांनीही ते पाहिलं होतं, नाव ठेवलं होतं, पुढचं काम राहिलं.

प्रभार दोन प्रकारचे असतात हे १७३३च्या सुमारास फ्रान्समधल्या द्यू फे यांनी दाखवलं. त्यांना धन आणि ऋण ही नावं दिली बेंजामिन फ्रँकलिनने, १७४७च्या आसपास. कोणत्याला काय म्हणायचं हा निव्वळ त्याच्या मर्जीचा भाग होता. पुढे १८९७मध्ये जे. जे. थॉमसनला इलेक्ट्रॉन सापडला तो नेमका ऋण निघाला. म्हणून आजही वायरमध्ये इलेक्ट्रॉन एका दिशेने जातात आणि आकृतीतला विद्युतधारेचा बाण उलट्या दिशेने काढावा लागतो. दहावीतल्या मुलांची जी चिडचिड होते तिचं मूळ इतकं जुनं आहे.

घासणं गरजेचं आहे का? नुसता स्पर्श पुरत नाही?

पुरतो. दोन वेगळे पदार्थ टेकले आणि दूर केले, तरी प्रभार विभागला जातो. चिकटपट्टी रिळावरून ओढून काढा, ती बोटाला आणि टेबलाच्या कडेला लोचटासारखी चिकटते ती फक्त डिंकामुळे नाही. घासल्याने एवढंच होतं की जास्त ठिकाणी, पुन्हा पुन्हा स्पर्श घडतो.

कोणता पदार्थ इलेक्ट्रॉन देणार आणि कोणता घेणार, याचा क्रम १७५७मध्ये योहान विल्के याने पहिल्यांदा मांडला. ढोबळ मानाने काच, माणसाचे केस, नायलॉन, लोकर हे देणाऱ्यांच्या बाजूला. कागद आणि सुती कापड मधेच. पॉलिस्टर, पॉलिथिन, पीव्हीसी, टेफ्लॉन हे घेणाऱ्यांच्या बाजूला. दोन पदार्थ या रांगेत जितके लांब, तितका परिणाम सहसा जास्त. क्रम दगडावर कोरलेला नाही, पृष्ठभागावर जरा धूळ किंवा तेल असलं तरी जागा बदलतात. गंमत म्हणजे, स्पर्शाच्या वेळी नेमकं काय सरकतं यावर शास्त्रज्ञांचं अजून एकमत नाही. कुठे इलेक्ट्रॉन, कुठे आयन, कुठे पदार्थाचेच सूक्ष्म कण. शाळेत सोपं म्हणून शिकवलेला विषय संशोधकांना अजून पुरून उरला आहे.

पुण्यात हा त्रास थंडीतच का होतो?

थंडीमुळे नाही, कोरड्या हवेमुळे. हवेत दमटपणा असला की वस्तूंच्या पृष्ठभागावर पाण्याचा डोळ्यांना न दिसणारा थर बसतो आणि साचलेला प्रभार त्यावरून निचरून जातो. जुलै-ऑगस्टमध्ये पुण्यात सकाळची आर्द्रता ८० टक्क्यांच्या वर असते, तेव्हा कंगवा कितीही फिरवा, त्याच्याकडे कागदाचे कपटे ढिम्म हलत नाहीत.

खरं तर पुण्याची सगळ्यात कोरडी हवा मार्च-एप्रिलच्या दुपारी असते, आर्द्रता ३० टक्क्यांच्याही खाली जाते. पण तेव्हा अंगावर स्वेटर नसतो, सुती कपडे असतात आणि घाम असतो. डिसेंबर-जानेवारीत कोरडी हवा, लोकर आणि कोरडी पडलेली त्वचा असा योग जुळून येतो. त्यात आपल्याकडची खास भर म्हणजे स्कार्फ. पॉलिस्टरचा स्कार्फ डोक्याला-तोंडाला घट्ट गुंडाळून, वर हेल्मेट घालून कोथरूडहून मगरपट्ट्यापर्यंत जायचं आणि पोहोचल्यावर ते सगळं एका झटक्यात काढायचं. केस उभे राहणारच. प्रत्येक केसावर एकाच प्रकारचा प्रभार असतो आणि ते एकमेकांपासून जमेल तितके लांब पळतात. हात किंचित ओले करून केसांवरून फिरवा, किंवा आत सुती स्कार्फ बांधा.

हिंजवडीच्या ऑफिसांत हा त्रास बाराही महिने ऐकू येतो. एसीने कोरडी केलेली हवा, खाली कार्पेट आणि चाकांच्या खुर्च्या. तिथे ऋतूला विचारतो कोण.

हजारो व्होल्टचा झटका बसतो म्हणतात. मग माणूस मरत कसा नाही?

आकडा खरा आहे. दोन-तीन हजार व्होल्टच्या खालचा झटका बहुतेकांना जाणवतही नाही. कार्पेटवर चालून अंगावर दहा हजार व्होल्ट सहज साचतात. ठिणगीच्या लांबीवरून अंदाज येतो: हवेतून एक मिलिमीटर उडी मारायला साधारण तीन हजार व्होल्ट लागतात.

पण व्होल्ट म्हणजे दाब, साठा नाही. माणसाच्या शरीरात प्रभार साठवायची क्षमता साधारण १०० पिकोफॅरड (पिकोफॅरड हे या क्षमतेचं फार छोटं एकक). दहा हजार व्होल्टला तिथे साचतो एक मायक्रोकूलोम. दहा वॉटच्या एलईडी बल्बातून सेकंदाच्या चाळीस हजाराव्या भागात जेवढा प्रभार जातो, साधारण तेवढाच हा. इलेक्ट्रॉन मोजायचे म्हटले तर सुमारे सहा लाख कोटी, अर्थसंकल्पात शोभेल असा आकडा, पण प्रत्यक्षात चिमूटभर. ऊर्जा पाच मिलिज्यूल. क्षणार्धात सगळं संपतं आणि मागून नवीन येत नाही. घरच्या सॉकेटमध्ये फक्त २३० व्होल्ट असतात, पण त्यामागे अख्खं वीजकेंद्र उभं असतं आणि हात सुटेपर्यंत किंवा फ्यूज उडेपर्यंत ते पुरवठा करत राहतं. म्हणून तिथे माणूस दगावतो.

मिक्सरला, फ्रिजला किंवा लॅपटॉपला हात लावला की झिणझिण्या येतात. हीच का ती?

नाही! या यादीतला सगळ्यात महत्त्वाचा प्रश्न हा आहे.

साचलेल्या प्रभाराचा झटका एकदाच बसतो. लगेच पुन्हा हात लावलात तर काही होत नाही, कारण जे होतं ते निघून गेलेलं असतं. पुन्हा पुन्हा हात लावून प्रत्येक वेळी झिणझिण्या येत असतील, चप्पल काढून ओल्या फरशीवर उभं राहिल्यावर त्या वाढत असतील, तर ती वीजगळती आहे. उपकरणात बिघाड असेल किंवा घराचं अर्थिंग, म्हणजे जमिनीशी असलेली जोडणी, गेलेलं असेल. जुन्या वाड्यांत आणि पन्नास वर्षांपूर्वीच्या सोसायट्यांत अर्थिंगची वायर कधी तुटली हे कोणालाच माहीत नसतं. दोन पिनांच्या चार्जरवर चालणाऱ्या धातूच्या लॅपटॉपला येणारी हलकी गुदगुल्यांसारखी जाणीव बहुधा निरुपद्रवी असते, पण गिझर, मिक्सर, फ्रिज, वॉशिंग मशीन यांना 'थंडीत होतं असं' म्हणून सोडून देऊ नका. मेन बंद करा, वायरमनला बोलवा, आरसीसीबी (गळती होताच पुरवठा तोडणारा स्विच) बसवलेला नसेल तर बसवून घ्या.

गाडीतून उतरताना दरवर्षी झटका बसतो. काही उपाय?

आहे, फुकटचा. सीटवरून अंग उचलताना कपडे आणि सीट वेगळे होतात आणि प्रभार विभागला जातो. म्हणून उठायच्या आधी दाराच्या धातूच्या चौकटीला हात लावा आणि पाय जमिनीवर टेकेपर्यंत सोडू नका. प्रभार साचण्याआधीच निघून जातो. हे विसरलात तर मुठीत किल्ली घट्ट धरून तिचं टोक गाडीच्या पत्र्याला टेकवा. ठिणगी किल्लीच्या टोकावर पडते आणि तळहातावर ती धारा पसरते, दुखत नाही. एका बोटाच्या टोकात तीच धारा एकवटते म्हणून बोट दुखतं.

पेट्रोल पंपावर यामुळे आग लागू शकते का?

लागू शकते. पेट्रोलची वाफ आणि हवा यांचं योग्य मिश्रण पेटायला एक मिलिज्यूलचा चौथा भाग पुरतो, आणि वर पाहिलंच की अंगावर त्याच्या वीसपट साचू शकतो. प्रत्यक्षात असं क्वचित घडतं, कारण नोझल आणि होज अर्थिंगला जोडलेले असतात आणि आपल्याकडे पेट्रोल भरायला माणूस असतो. सांभाळायचं ते कॅनच्या बाबतीत. पेट्रोल प्लास्टिकमध्ये ओतताना नुसत्या वाहण्यानेही प्रभार साचतो. डिकीत ठेवलेल्या कॅनमध्ये भरून घेऊ नका, मान्यता असलेला कॅन जमिनीवर ठेवून भरा. पंपावर टँकर रिकामा करताना पाहिलात तर दिसेल, पाइप जोडायच्या आधी माणूस अर्थिंगचा चिमटा लावतो. ते काम सवयीचं झालं तरी चुकवायचं नसतं.

आकाशातली वीजसुद्धा स्थितिक विद्युतच का?

पडायच्या आधीपर्यंत, हो. मराठीत दोन्हीला 'वीज' म्हणतो हे योगायोगाने बरोबरच आहे. वळवाच्या ढगात, आठ-दहा किलोमीटर उंचीपर्यंत, बर्फाचे हलके स्फटिक आणि गारेचे मऊ, जड कण एकमेकांवर आदळतात. स्फटिक धन प्रभार घेऊन वर जातात, जड कण ऋण प्रभार घेऊन खाली राहतात. साचत साचत हवेला पेलवेनासं झालं की कोसळतं. एका तडाख्यात धारा ३०,००० अँपिअरच्या आसपास आणि हवेचं तापमान ३०,००० अंशांच्या घरात, सूर्याच्या पृष्ठभागाच्या पाचपट.

एप्रिल-मेमध्ये दुपारनंतर सिंहगडावर किंवा टेकडीवर असाल आणि गडगडाट ऐकू आला, तर थांबू नका. गडगडाट ऐकू येतो म्हणजे वीज तुमच्यापर्यंत पोहोचू शकते. लखलखाट आणि आवाज यांतले सेकंद मोजा आणि तीनाने भागा, ते किलोमीटर. झाडाखाली उभं राहू नका, पक्क्या इमारतीत किंवा बंद गाडीत जा. पाषाणच्या भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेने केलेलं 'दामिनी' ॲप फोनमध्ये असू द्या. आसपासच्या २० ते ४० किलोमीटरमध्ये वीज पडत असेल तर ते सांगतं.

याचा काही उपयोगही आहे, की नुसता त्रासच?

भोसरी किंवा चाकणमध्ये पावडर कोटिंगच्या, म्हणजे धातूवर कोरड्या पावडरचा रंग चढवणाऱ्या, युनिटमध्ये जाऊन बघा. जॉब, म्हणजे रंगवायची वस्तू, आधी सात टाक्यांतून धुऊन, फॉस्फेटिंग करून (रंग धरावा म्हणून फॉस्फेटचा थर देऊन), सुकवून हुकाला टांगलेला असतो आणि तो हूक अर्थिंगला असतो. पावडर फवारणाऱ्या गनच्या टोकाशी ६० ते १०० हजार व्होल्ट असतात. बाहेर पडणाऱ्या पावडरच्या प्रत्येक कणाला ऋण प्रभार मिळतो आणि ढगासारखी उडालेली पावडर वळून जॉबच्या मागच्या बाजूलाही जाऊन बसते. रंगाचा ब्रश मागे न्यावा लागत नाही. मग साधारण १८० ते २०० अंशांच्या भट्टीत ती वितळून पक्की होते.

तिथला नवा ऑपरेटर दोन ठिकाणी अडतो. एक, हुकावर जुन्या कोटिंगचे थर चढलेले असतात. पावडर ही विद्युतरोधक, त्यामुळे जॉबचं अर्थिंग तुटतं आणि पावडर धरतच नाही. मग तो गनला दोष देतो. हूक खरवडला की काम सुरू. दुसरं, बॉक्सच्या आतले कोपरे रिकामे राहतात. पावडर कडांकडेच ओढली जाते, आत शिरत नाही. अशा वेळी व्होल्टेज वाढवायचा मोह होतो, प्रत्यक्षात ते कमी करावं लागतं. कूलोमचा नियम न शिकलेली माणसं हे बोटांवर सांगतात.

झेरॉक्सही हीच गोष्ट. अप्पा बळवंत चौकातली दुकानं ज्यावर चालतात ती युक्ती चेस्टर कार्लसनने २२ ऑक्टोबर १९३८ रोजी न्यूयॉर्कमध्ये पहिल्यांदा करून दाखवली. अंधारात ड्रमवर प्रभार पसरायचा, मूळ कागदाच्या पांढऱ्या भागावरून परतलेला उजेड जिथे पडेल तिथला प्रभार निघून जातो, काळ्या अक्षरांच्या जागी तो राहतो. टोनर तिथेच चिकटतो, मग कागदावर येतो, गरम रोलरखाली पक्का होतो. ताज्या, गरम प्रती एकमेकींना चिकटून बाहेर येतात तो त्यातलाच उरलेला प्रभार.

सर्किट बोर्ड हाताळताना मनगटाला पट्टा का बांधतात?

तुम्हाला जाणवतो तो झटका तीन हजार व्होल्टचा. काही चिपा शंभर व्होल्टलाही जातात, म्हणजे तुम्हाला कळायच्या आत. पट्ट्यात एक मेगाओहमचा रोध असतो. त्यातून प्रभार हळू निचरतो, आणि चुकून मेनला हात लागला तर तोच रोध जीव वाचवतो. बुधवार पेठेतून बोर्ड घेतलात तर त्याची चकचकीत राखाडी पिशवी जपून ठेवा, तीही बोर्डाला अशा झटक्यापासून वाचवते.

तांब्याचं कडं, अर्थिंगची चटई यांनी 'अंगातली जादा वीज' जाते का?

अंगात जादा वीज साठून राहत नाही. नळाला, भिंतीला, जमिनीला हात-पाय लागला की ती गेलेली असते. कडं आवडत असेल तर घाला.

घरी प्रयोग करायचा तर काय वापरावं? आणि कपटे चिकटून पुन्हा खाली का पडतात?

हार्डवेअरच्या दुकानातून फूटभर पीव्हीसीचा पाइप आणा आणि लोकरीच्या मोज्याने घासा. कंगव्यापेक्षा कितीतरी जोरकस परिणाम दिसतो. कपटे टिश्यू पेपरचे, नखाएवढे. हात कोरडे हवेत, आणि पाइप घासलेल्या टोकाला धरू नका.

कपट्यावर मुळात प्रभार नसतो. पाइप जवळ आला की कपट्यातला प्रभार किंचित सरकतो, विरुद्ध प्रभार पाइपाच्या बाजूला येतो आणि तो ओढला जातो. चिकटल्यावर हळूहळू पाइपावरचा प्रभार कपट्यावर उतरतो. दोघांवर एकच प्रकारचा प्रभार झाला की पाइप त्याला ढकलून देतो. चॉकलेटच्या चांदीचे तुकडे घेऊन पाहा, ते टेकतात न टेकतात तोच उडून जातात, कारण धातूवर प्रभार लगेच पसरतो.